वाडीच्या गोडाऊनमधले सात दिवस आणि रिकामा कॅमेरा

नागपूरवर लिही, नागपूरवर लिही, म्हणून भाची पाच वर्षं माझ्या मागे लागली आहे. तिला हवाय तर्री-पोह्यांचा आणि संत्र्यांच्या बागांचा ब्लॉग. माझ्या डोक्यात नागपूर म्हटलं की अमरावती रोडवरचं एक गोडाऊन येतं, आणि ते मी आजवर टाळत आले. आता वयाची सत्तरी उलटली, टाळून टाळून किती टाळणार? तेव्हा ज्यांना नागपूरला जायचंय त्यांनी जाताजाता उपयोगाचं तेवढं वेचून घ्यावं. बाकीचं मला सांगायलाच हवं आहे.

आणीबाणी उठून दोनेक वर्षं झाली होती. मी सत्तावीस वर्षांची, पुण्यातली बरी नोकरी सोडलेली, लग्नाला नकार देऊन घरच्यांचा रोष ओढवून घेतलेली, आणि एका उसन्या चावीच्या कॅमेऱ्याची तात्पुरती मालकीण. सोळा मिलिमीटरचा, हातात मावणारा, घड्याळासारखी चावी द्यायची की अर्धा मिनिट चालायचा. आवाज त्यात येत नसे. शहराचा माहितीपट करायचा तर शहराला काही सांगायचं नाही, नुसतं बघायचं, या मताची मी कट्टर होते. ‘जरा पुन्हा चालून दाखवता का?’ असं कुणाला म्हणणाऱ्यानं कॅमेरा गहाण टाकून भज्यांची गाडी लावावी, असं मी चारचौघांत म्हणत असे. तेव्हा माझी जीभ फार चालायची.

नागपूर निवडलं कारण ते देशाच्या मधोमध आहे. चारी बाजूंनी माल येतो, चारी बाजूंना जातो. तो उचलतं कोण, एवढंच मला बघायचं होतं. जवळ सहा रोल होते, एकेक पावणेतीन मिनिटांचा. तीन गोडाऊनसाठी, तीन शहरासाठी. हिशेब सोपा वाटत होता.

फेब्रुवारीच्या अखेरीस निघाले. नागपूर बघायचं तर हाच काळ. एप्रिलनंतर जाल तर दुपारी घराबाहेर फक्त कावळे आणि तुम्ही. पुण्याहून गाडीला जवळजवळ अख्खा दिवस लागला. भुसावळला केळी घेतली, अकोल्याला शेजारच्या बाईनं न विचारता ज्वारीची भाकर आणि झुणका हातावर ठेवला, आणि बडनेऱ्यानंतर डब्यातली भाषा बदलली. ‘कुठं जाऊन राहिली बाई एकटी?’ असं तीन जणींनी विचारलं. एकटी हा शब्द तिघींनी वेगवेगळ्या सुरात म्हटला.

स्टेशनातून बाहेर आले की सायकलरिक्षांची रांग. बर्डीपर्यंत दीड रुपया सांगतील, रुपयात येतात. मी दीडच दिला, कारण तो माणूस घामानं थबथबला होता आणि मला नुकतीच अकोल्याची भाकर फुकट मिळाली होती. बर्डी म्हणजे सीताबर्डी, शहराचा मध्य. तिथून वाडीची बस पकडायची. त्या काळी वाडी म्हणजे नाक्यापाशी उभे ट्रक, ट्रान्सपोर्टवाल्यांची पत्र्याची गोडाऊनं, टायर पंक्चरवाले आणि भाड्याच्या खोल्या. बायका कमी दिसत. मी बसमधून उतरले तेव्हा टपरीवरच्या सगळ्या बशा ओठांजवळ थांबल्या.

एका मोठ्या ट्रान्सपोर्ट कंपनीच्या मॅनेजरला मी आधी पत्र टाकलं होतं. कंपनीचं नाव सांगत नाही, आता ती राहिलीही नाही. मॅनेजर चाळिशीचा, पांढऱ्या सफारीतला, बोलायला गोड. ‘मॅडम, तुम्ही बिनधास्त शूटिंग करा. बस एकच. आमच्या आवारात काढलेले रोल आमच्याकडे द्यायचे. मुंबईला सेठजींचं ऑफिस आहे, तिथून ते धुवून घेतील, बघतील, मग तुम्हाला परत. धुण्याचा खर्च आमचा.’

धुण्याचा खर्च आमचा, हे ऐकलं आणि मी विचार करणं थांबवलं. ज्यानं स्वतःच्या खिशातून फिल्म धुतली आहे त्यालाच त्या वाक्याची गोडी कळेल. मी लगेच मान डोलावली. तीन रोल काढीन, जाताना तीन डबे देईन, असं लिहूनही दिलं.

गोडाऊनमागे कंपनीच्या खोल्यांची चाळ होती, त्यात हमाल राहत. शेवटची खोली रिकामी होती, ती मला आठवड्यासाठी मिळाली. शेजारी देवराव आणि सुमनबाई. देवराव साठीला टेकलेला, टोळीतला सर्वांत जुना हमाल. उंच, सावळा, कानाशी पांढरे केस. सुमनबाई त्याची बायको. ती आवारातच सावलीत बसून फाटलेली पोती दाभणानं शिवायची. त्यांच्या खोलीत भिंतीवर बुद्धाची तसबीर होती. दीक्षेच्या दिवशी पांढरे कपडे घालून आपण मैदानात होतो, हे देवरावानं पहिल्या दहा मिनिटांत सांगितलं. ‘त्या दिवसापासून कोणापुढं वाकलो नाही. फक्त पोत्याखाली,’ असं म्हणून तो मोठ्यांदा हसला.

पहिले तीन दिवस मी कॅमेऱ्यात फिल्म घालतच नसे. ही माझी पद्धत होती. कॅमेरा दिसला की माणसं केस सारखे करतात, छाती काढतात, किंवा पळतात. म्हणून तीन दिवस रिकामा कॅमेरा डोळ्याला लावून, चावी देऊन, घर्रर्र करत बसायचं. लोक कंटाळतात, विसरतात, आपापल्या कामाला लागतात. चौथ्या दिवशी गुपचूप फिल्म भरायची.

दुसऱ्या दिवशी दुपारी सगळे भाकर खायला बसले होते. सुमनबाईनं मलाही बोलावलं. ठेचा एवढा जहाल की माझ्या डोळ्यांतून धारा लागल्या. भिवापुरी मिरची आहे, पाणी पिऊ नका, भाकर खा, असा सल्ला आठही जणांनी एकदम दिला. तो तुम्हालाही देते. मग देवरावानं कॅमेऱ्याकडे बोट दाखवलं.

‘बाई, कालपासून घरघर करून राहिल्या तुम्ही. किती फोटू काढले?’

मला हसू आलं आणि मी खरं ते सांगून टाकलं. ‘एकही नाही. आत फिल्मच नाहीये.’

‘काय सांगता!’ त्यानं कॅमेरा उघडून मागितला. मी झाकण काढून दाखवलं. आत नुसती चाकं. सगळे वाकून वाकून बघायला लागले.

‘मंग काहून इतकी मेहनत?’ सुमनबाई म्हणाली. ‘चूल पेटवाची नाही अन् फुंकत बसाचं!’

त्या दिवसापासून मी ‘खाली कॅमेरावाली बाई’ झाले. मी आले की कुणीतरी ओरडे, ‘या, घरघर सुरू करा!’ आणि पुन्हा कामाला लागे. मला वाटलं, वा, पद्धत याहून चांगली चालूच शकत नाही. चौथ्या दिवशी फिल्म भरीन तेव्हा त्यांना सांगायला हवं, हा विचार मनात आला होता. खोटं कशाला बोलू? आला होता, आणि मी तो बाजूला सारला.

याच तीन दिवसांत मला एक गोष्ट दिसली. त्या काळी पोतं क्विंटलाचं असे. शंभर किलो. तूर, हरभरा, सरकी. दोघे उचलून एकाच्या पाठीवर ठेवत, आणि तो फळीवरून ट्रकात चढे. टोळीतले सात जण असंच करत. देवराव मात्र उभ्या ट्रकाच्या आडोशाला जाऊन बसे. तिथे एका पोत्यात बारदान, म्हणजे रिकामी पोती, ठासून भरलेलं असे. मॅनेजर ऑफिसच्या खिडकीत आला की कुणीतरी खाकरे. देवराव ते बारदानाचं पोतं पाठीवर घेऊन, कण्हत, पाय ओढत, आवारातून आडवा जाई. त्याच्या वाट्याची खरी पोती बाकीचे सात जण आपसात वाटून उचलत.

तिसऱ्या दिवशी मी सुमनबाईला विचारलं. तिनं दाभण थांबवलं नाही.

‘दिवाळीत कंबर गेली त्याची. डाक्टर म्हणे, वजन उचललं का पाय जातील. पण इथं कायदा हाय, जो पोतं उचलन तो राहीन. काम गेलं का खोली गेली. पोळ्याले जुना चौकीदार गावाले जाणार हाय. सेठनं चौकीदारी ह्याले कबूल केली. तवरीक पोरं सांभाळून राहिली.’ मग तिनं माझ्याकडे पाहिलं. ‘तुम्ही घरच्याच झाल्या म्हणून सांगतलं वं बाई.’

फेब्रुवारी ते पोळा म्हणजे सहा महिने. सात माणसं एका माणसाचं ओझं सहा महिने वाहणार होती, आणि त्याबद्दल त्यांच्यात एक शब्द होत नव्हता. मला खूप भरून आलं. आणि त्याच क्षणी, हे लिहिताना आजही कान गरम होतात, मनात आलं की हीच माझी फिल्म.

चौथा दिवस. सकाळी खोलीचं दार लावून पहिला रोल भरला. फाटकातून येणारे ट्रक, सावलीत सुमनबाईचे हात, टपरीवरची वाफ. दोन रोल त्यातच संपले. दुपारी तिसरा भरला. ट्रकाच्या मागे गेले. देवराव बारदान ठासत होता. मला बघून हसला, ‘घरघर करा, करा’ म्हणाला, आणि पुढे ठासत राहिला. खाकरण्याचा आवाज आला. त्यानं पोतं पाठीवर घेतलं, चेहरा वेडावाकडा केला, गुडघे वाकवले आणि निघाला. मी चावी देत, त्याच्या मागे मागे, आवाराच्या दुसऱ्या टोकापर्यंत. आयुष्यात मी इतकं सुंदर काही टिपलं नव्हतं. पोतं टाकून तो वळला आणि मला म्हणाला, ‘कसं होतं नाटक?’

‘पहिल्या नंबराचं,’ मी म्हटलं. फिल्म भरलेली आहे हे म्हटलं नाही.

पाचव्या दिवशी वाडीला सुट्टी दिली आणि शहर पाहिलं. सकाळी तर्री-पोहे. पोह्यांवर हरभऱ्याची लालभडक तर्री ओततात, पहिल्यांदा खाणाऱ्यानं तर्री कमी सांगावी. दुपारी महाल या जुन्या भागातल्या गल्ल्या, हातमागांचा खटखटाट, एका कोष्ट्याच्या घरी सांबारवडी. सांबार म्हणजे कोथिंबीर हे तिथेच कळलं. संध्याकाळी बर्डीच्या चौकात उभी राहून सायकलींचा लोंढा टिपला. शहरासाठीचे दोन रोल संपले, एक उरला. मी खुशीत वाडीला परतले.

फाटकाशीच मॅनेजर भेटला. ‘मॅडम, तुमचं काम आम्ही खिडकीतून पाहत असतो हं. काल देवरावच्या मागे मागे फिरत होत्या. छान! मी फोनवर सेठजींना सांगितलं, आपल्या सर्वात जुन्या हमालाची फिल्म निघाली आहे. ते खूश झाले. म्हणाले, ऑफिसात सगळ्यांना दाखवू.’

तोवर मी त्या रोलकडे माझा रोल म्हणून बघत होते. मॅनेजरला, सेठला तो दिसणार, पडद्यावर देवराव बारदान ठासताना दिसणार, हे मला पाच दिवस कळलंच नव्हतं, असं म्हटलं तर ते खोटं होईल. कळत होतं. पण कॅमेरा डोळ्याला लावला की मला फक्त चौकट दिसायची, चौकटीबाहेरचं नंतर बघू म्हणायची सवय होती.

रोल तर कापताही येत नव्हता. कापायचा तर आधी धुवावा लागतो, आणि धुणार तेच होते.

सहाव्या दिवशी दुपारी, भाकरीच्या वेळी, मी टोळीसमोर जाऊन उभी राहिले आणि सांगून टाकलं. चौथ्या दिवशी कॅमेरा भरलेला होता. सगळं आलं आहे. तो रोल मॅनेजरला द्यायचा आहे.

सात जणांनी हातातला घास खाली ठेवला. सुमनबाई उठली, माझ्यासमोर आली, आणि अगदी हळू म्हणाली, ‘तुम्ही तर झाकण उघडून दाखवलं होतं वं.’

मी म्हटलं, ‘आत्ता डबा उघडते. उन्हात धरला की सगळं जळतं. रोल खराब झाला म्हणून सांगते.’

देवराव तंबाखू मळत होता. ‘अन् मनीजर काय म्हणन? खराब झाला तं पुन्हा काढा. मी उभा राहतो पाह्यले, देवराव, उचल पोतं. अन् तो जवळ उभा राहिला तं बारदान चालत नाही बाई. खिडकीतून चालते.’

‘मग?’

‘तुमच्यापाशी एखादा कोरा रोल हाय?’

‘एक आहे.’

‘उद्या सकाळी भरा. मी खरं पोतं उचलतो. मनीजर आंघोळीले गेला असते तवा. त्याले तो द्या.’

एकदम कल्ला झाला. सातही जण एकाच वेळी बोलायला लागले. सुमनबाई सगळ्यांच्या वर. ‘काहून मरतं गा? पाय गेले तं कोण उचलन तुले? ह्या बाईच्या फोटूसाठी?’

‘फोटूसाठी नाही वं. पोळ्यासाठी,’ देवराव म्हणाला. ‘एकच पोतं. इतकी वर्सं उचलले, एक उचलीन.’

मी नको म्हणाले. तीनदा म्हणाले. पण मला हेही लिहायला हवं, की दुसरा उपाय मी सुचवला नाही, कारण सुचला नाही. मॅनेजरकडे जाऊन पाय धरावेत, करार मोडते म्हणावं, रोल घेऊन रात्रीच निघून जावं, हे सगळं मला पुण्याला पोचल्यावर सुचलं. हा माझा स्वभाव आहे. मला गोष्टी उशिरा दिसतात, आणि धंदा मी बघण्याचा निवडला.

सातवा दिवस. सकाळचे साडेसात, गार हवा, पत्र्यावर कोवळं ऊन. दुपारी माझी गाडी होती. रात्रभर धड झोप नव्हती, शेवटचा रोल भरताना दोनदा फिल्म सुटली. आवारात तुरीचा ट्रक लावलेला. जणू देवरावाच्या पाठीवर कधी काही ठेवलंच नव्हतं अशा थाटात दोघे एक पोतं हलकेच उचलून उभे होते, आणि ठेवत नव्हते.

‘ठेवा ना बे,’ देवराव म्हणाला.

त्यांनी ठेवलं. तो गुडघ्यात किंचित वाकला आणि थांबला. मी चावी दिली, कॅमेरा डोळ्याला लावला. सुमनबाई पोत्यांच्या थप्पीला पाठ लावून उभी होती आणि तिनं पदराचा बोळा तोंडात धरला होता. मग देवराव निघाला.

मला वाटलं होतं तो कण्हेल, पाय ओढील. त्यातलं त्यानं काही केलं नाही. मान सरळ, नजर समोर, चेहऱ्यावर काहीच नाही. छोटी छोटी, एकसारखी पावलं. पाय जमिनीवरून उचलायचाच नाही अशी. नाटक करताना तो जसा चालायचा त्याच्याशी याचा काही संबंध नव्हता. आवाराच्या मध्यावर त्याचा डावा गुडघा हलला. सात जण एकदम पुढे सरकले. त्यानं नुसतं नाकानं ‘हूं’ केलं आणि ते जागेवर थांबले. फळी आली. फळी वाकली. माझी चावी संपत आली होती, घरघर मंदावत होती, आणि मी देव मानत नसताना कुणाला तरी म्हणत होते, चढू दे, चढू दे. तो चढला. पोतं थप्पीवर टाकल्याचा आवाज अजून माझ्या कानात आहे.

खाली उतरून तो ट्रकाच्या चाकाला टेकून बसला. चेहरा राखेसारखा झालेला. सुमनबाई त्याची कंबर चोळत होती आणि त्याला शिव्या देत होती. मी जवळ गेले तेव्हा म्हणाला, ‘भरलेलं पोतं बरं असते बाई. खालीचं नाटक करायलेच लई मेहनत लागते.’

मी रडले. त्याच्यासमोरच रडले. तो म्हणाला, ‘आता पोळ्याले या. चौकीदार देवराव सलाम करन तुमाले.’

मॅनेजरला तीन डबे दिले. देवराव असं नाव घातलेल्या डब्यात सकाळचा रोल होता, चौथ्या दिवसाचा माझ्या पिशवीत, शर्टांच्या घडीत. मॅनेजरनं हसतमुखानं घेतले, मला संत्र्यांची करंडी दिली. ती नाकारण्याचं धैर्यही झालं नाही. गाडीत बसल्यावर पहिल्यांदा श्वास सोडला. वर्ध्यापर्यंत मी स्वतःला सांगत होते, निभावलं.

पुण्यात आल्यावर महिनाभर बरं चाललं. मग वाडीहून पत्र आलं. टोळीतल्या सहावी शिकलेल्या एकानं सुमनबाईच्या सांगण्यावरून लिहिलेलं. मुंबईच्या ऑफिसात सेठनं फिल्म लावली. देवराव पोतं घेऊन येताना दिसला आणि सगळे हसायला लागले. म्हातारा शंभर किलोचं पोतं घेऊन दुडूदुडू पळतोय, चेहऱ्यावर घामाचा पत्ता नाही, फळीवर तर उडतच चढतोय. सेठनं मॅनेजरला फोन लावून विचारलं, तुमच्याकडे हमाल रिकामी पोती वाहतात काय? मॅनेजर दुसऱ्या दिवशी खिडकीत थांबला नाही, आवारात उतरला. देवरावाच्या पाठीवरचं पोतं त्यानं खाली ठेवायला लावलं आणि उघडलं. त्यात बारदान होतं.

मी पत्र तसंच हातात घेऊन कपाटातून कॅमेरा काढला. त्याच्या अंगावर वेगाची चकती असते. पडदा सेकंदाला चोवीस चित्रं दाखवतो, म्हणून कॅमेऱ्यानंही चोवीसच घ्यायची. कमी घेतली तर फिल्म जास्त पुरते, पण पडद्यावर माणसं भराभर पळतात. बर्डीच्या चौकात, फिल्म पुरावी म्हणून, मी चकती सोळावर आणली होती. सायकली जरा पळाल्या तर गंमतच येईल, असंही वाटलं होतं. ती पुन्हा चोवीसवर न्यायला मी विसरले. कॅमेरा उघडून रोल भरला, डोळ्याला लावला, आणि त्या सकाळी चकतीकडे पाहिलंच नाही. चकती सोळावरच होती.

मॅनेजरला मी त्याच दिवशी लिहिलं की वेग चुकला, पोतं भरलेलं होतं, शपथ घ्यायला तयार आहे. उत्तर आलं नाही. येऊन तरी काय होणार होतं? बारदान त्यानं स्वतःच्या हातानं काढलं होतं. माझं खरं बोलणं आता कुणाच्या कामाचं नव्हतं. तो रोल मला कधी परत मिळाला नाही. शर्टांतला रोल धुतला, एकदा एकटीनं भिंतीवर बघितला. देवराव त्यात असा कण्हतो, असा मोडतो, की कुणालाही वाटावं, याच्या पाठीवर दीड क्विंटल आहे. फिल्म सोसायटीतले लोक ढसाढसा रडले असते. मी तो कुणाला दाखवला नाही, आणि नागपूरचा माहितीपटही केला नाही. पुढे बरेच केले. प्रत्येक वेळी फिल्म भरली की समोरच्याला सांगून मगच चावी दिली, आणि त्यामुळे माझ्या फिल्ममध्ये सगळ्यांचे केस जरा जास्तच सारखे असतात, असं समीक्षक म्हणतात. म्हणोत.

आता तुम्ही नागपूरला गेलात तर बेसा, हुडकेश्वरपर्यंत इमारतीच इमारती दिसतील. त्या काळी हुडकेश्वर म्हणजे शेतं. खोली चार दिवसांत खाली करून देवराव आणि सुमनबाई तिथे तिच्या भावाकडे गेले, असं पत्रात होतं. मी त्या पत्त्यावर तीनदा लिहिलं. स्वतः जायला हवं होतं. गेले नाही, लाज वाटली, आणि लाज वाटते म्हणून न जाणं ही दुसरी लाज झाली. ती काही जात नाही.

पत्राच्या शेवटी देवरावाचा निरोप होता. मला वाटलं होतं शिवी असेल. लिहिणाऱ्यानं त्याचे शब्द तसेच उतरवले होते. ‘काम गेलं त्याचं काही नाही. पण ते लोक हसले म्हणते. त्या दिवशीचं पोतं भरलेलं होतं हे तुमाले ठाऊक हाय, तुम्ही डोयानं पाह्यलं. कोणी विचारलं तं सांगजा.’

इतक्या वर्षांत मला कुणी विचारलं नाही. आज न विचारताच सांगते. तुरीचं होतं, शंभर किलोचं, आणि त्यानं ते फळीवरून ट्रकात नेऊन टाकलं. पोतं भरलेलं होतं.